टाचेवरची गिरकी

मला गावात सगळे सर म्हणतात. मी कुठल्या शाळेचा मास्तर नाही. मुरबाडच्या एका कारखान्यात पहिल्या पाळीला पत्रे कापतो आणि संध्याकाळी पोरापोरींना कबड्डी शिकवतो. खेळत होतो तोवर हेच लोक मला अरेतुरे करायचे, खांद्यावर घेऊन नाचायचे, माझ्या घामाने त्यांचे सदरे भिजायचे. खेळ संपला आणि आदर सुरू झाला. जळो असला आदर.

मी कसा संपलो याची एक गोष्ट आहे. शहापूरपासून मुरबाडपर्यंत कुठल्याही चहाच्या टपरीवर विचारा, चाळिशीपुढचा कोणीही माणूस ती तुम्हाला सांगेल. "तो ना? अरे, ठाण्याला निवड चाचणीत एकेकाला लोळवला त्यानं. पन वशिला नाय ना. कुनाचातरी भाचा घेतला आन् ह्याला दिला घरी धाडून." सांगताना तो माणूस चुकचुकतो, निवड करणाऱ्यांना दोन शिव्या घालतो आणि माझ्या चहाचे पैसे देतो. ही गोष्ट मीच पसरवली. वीस वर्षांहून जास्त काळ मी तिच्यावर फुकटचा चहा प्यालो. ती साफ खोटी आहे.

आमच्याकडे कबड्डी भातकापणीनंतर सुरू होते. एखादं खाचर मोकळं झालं की त्यातली धसकटं खणून काढायची, ढेकळं फोडायची, माती चाळायची, पाणी मारून चोपायची आणि फक्कीने रेषा मारायच्या. हे सगळं खेळणाऱ्यांनीच करायचं, मजूर लावायचे नाहीत, असा दंडक. आणि मैदानात पायताण घालून उतरायचं नाही. रेषेबाहेर चपला काढायच्या, चिमूटभर माती कपाळाला लावायची आणि मग आत पाऊल टाकायचं. एकदा बक्षीस द्यायला आलेल्या एका पुढाऱ्याने बूट काढायला कां कूं केलं, तर आमच्या म्हाताऱ्यांनी त्याला रेषेबाहेरच उभा ठेवला. बिचाऱ्याने तिथूनच कप दिला आणि तिथूनच फोटो काढून गेला.

त्या मातीत माझी टाच फिरायची. माझी चढाई बघायला डोळखांबच्या पाड्यांवरून लोक चालत यायचे, ते या एका गिरकीसाठी. चढाईला जायचं आणि कोपऱ्यातल्या गड्याला मुद्दाम पाठ दाखवायची. त्याला वाटतं, गावला. तो घोट्याला हात घालायला वाकला की डाव्या टाचेवर गर्रकन फिरायचं, त्याच्या डोक्याला शिवायचं आणि तो सावरायच्या आत मध्यरेषा ओलांडायची. माईकवरचा माणूस ओरडायचा, "फिरला रे फिरला!" आणि पब्लिक पण ओरडायचं, फिर, फिर. मी तेवीस वर्षांचा होतो. मला वाटायचं, जगात माझा घोटा धरणारा जन्माला यायचाय.

मग ठाण्याहून बोलावणं आलं, आणि तिथे मॅट होती.

मी मॅट पहिल्यांदा त्या दिवशी पाहिली. गादीसारखी जाड, निळी, हॉलभर अंथरलेली. अनवाणी खेळू देईनात. माझ्याकडे बूट कुठले? एका पोराने त्याचे दिले, एक नंबर मोठे. पहिल्या चढाईला मी कोपऱ्याला पाठ दाखवली आणि फिरलो. म्हणजे अंग फिरलं, गुडघाही फिरायला लागला, पण पाऊल जागचं हललं नाही. बुटाच्या रबराने मॅट अशी घट्ट धरली होती की पायाच्या जागी खुंटा पुरलाय असं वाटलं. पकडला गेलो. दुसऱ्यांदा पकडला गेलो. पाच चढायांत पाच वेळा पकडला गेलो, आणि पाचव्या वेळी कोपऱ्यातला पोरगा मी फिरायच्या आधीच हसत होता.

निवड करणाऱ्यांतले एक वयस्कर गृहस्थ नंतर माझ्याजवळ आले. खांद्यावर हात ठेवून म्हणाले, "ही गिरकी मॅटवर चालायची नाही, बाळा. गुडघा जाईल एक दिवस. सोडून दे ती. सहा महिने बूट घालून सराव कर आणि परत ये, तुझ्यात दम आहे." इतकं सरळ आणि इतकं मायेने मला आयुष्यात दुसऱ्या कोणी सांगितलेलं नाही. वशिला नाही, भाचा नाही, काही नाही. मला खेळता आलं नाही, बस्स.

शहापूरच्या स्टँडवर उतरलो तर गावातली चार टाळकी हार घेऊन उभी. "काय झालं रे?" आणि माझं तोंड आपोआप बोललं, "वशिला लागतो." हे म्हटल्याबरोबर ते चौघे असे भडकले की मला बरं वाटलं. खरंच बरं वाटलं, कशाला खोटं बोलू. हार त्यांनी तरीही माझ्या गळ्यात घातला. सहा महिन्यांनी मी परत गेलो नाही. कसा जाणार? गेलो असतो आणि घेतला असता, तर वशिल्याची गोष्ट खोटी ठरली असती. नसता घेतला, तर ती सांगायचं तोंड उरलं नसतं.

खरं काय ते एका माणसाला माहीत होतं, माझ्या बायकोला. लग्नाच्या पहिल्या वर्षी मला टायफॉइड झाला होता, तापाच्या भरात सगळं ओकलो. तिने कधी कोणाला सांगितलं नाही. पण टपरीची गोष्ट तिच्यासमोर निघाली की ती उठून पाणी आणायला जायची.

मग मी शिकवायला लागलो. काय शिकवणार? जे येत होतं ते. आणि मॅटला शिव्या घालायला शिकवलं. "सतरंजीवर लोळायचं तर घरी लोळा. इथं मातीत खेळायचं." पोरं हसायची. दरम्यान सगळ्या मोठ्या स्पर्धा मॅटवर गेल्या, टीव्हीवर कबड्डी आली, तालुक्यातले बाकीचे संघ बूट घालून सराव करायला लागले. आमचं गाव मात्र रेषेबाहेर चपला काढत राहिलं. लोक म्हणायचे, सरांनी मातीची इज्जत राखली. मीही मान डोलवायचो. मातीची इज्जत गेली खड्ड्यात, मी माझी राखत होतो.

आणि मग ही पोर आली. ओढ्यापलीकडच्या वस्तीतली, बाप नाही, आई मुरबाड रोडवरच्या फार्महाऊसांत शनिवार-रविवारी भांडी घासते. आली तेव्हा बारा वर्षांची होती, काटकुळी, आणि सगळ्यांत शेवटी रांगेत उभी राहायची. तिसऱ्या दिवशी मी एकाला गिरकी दाखवत होतो. त्याला जमेना. ही मागून म्हणाली, "सर, मी करू?" आणि केली. टाच मातीत अशी फिरली की माझ्या अंगावर काटा आला. मी बघतच राहिलो. आयला, ही तर मी.

सात वर्षं मी तिला ती गिरकी घोटून घोटून शिकवली. माझ्यापेक्षा चांगली झाली. माझी एका बाजूला फिरायची, तिची दोन्हीकडे. गावोगावच्या मैदानांत तिच्यासाठी बाया यायला लागल्या, पदर खोचून ओरडायच्या, "फिर गो, फिर!" आणि मी रेषेबाहेर उभा राहून तेच ओरडायचो. ओरडताना मला वाटायचं, माझंच काहीतरी परत मिळतंय.

ती एकोणीस वर्षांची झाली तेव्हा एका मोठ्या कंपनीच्या महिला संघाची निवड चाचणी निघाली. निवड झाली तर कायमची नोकरी. तिची आई माझ्या घरी आली, ओट्यावर बसली आणि म्हणाली, "दादा, तुमाला सांगते, यंदा झालं तर झालं. नायतर किन्हवलीकडचं एक स्थळ हाय, मी हो सांगनार. किती दिस वाट बघू मी एकटी बाई?" पोर दाराशी उभी होती. माझ्याकडे बघत होती. मी छातीवर हात ठेवून सांगितलं, "झालीच समज." माझ्या जिभेला काय हाड आहे?

चाचणी मॅटवर होती. आता चाचण्या मॅटवरच असतात. तिने आईच्या मागे लागून शहापूरच्या बाजारातून बूट आणले, पांढरे, निळ्या पट्ट्यांचे, आणि दुसऱ्या दिवशी ते पिशवीत घालून मैदानावर आली.

"सर, बूट घालून करू का जरा?"

"मैदानात पायताण? डोकं ठिकाणावर आहे का गो?"

"मंग शहापूरला त्या कॉलेजात मॅट हाय, रविवारची मोकळी असते म्हनतात. जाऊ?"

"जाऊन काय लोळणार? माती ज्याला आली त्याला सगळं आलं."

तिने मान डोलवली आणि पिशवी रेषेबाहेर ठेवली. त्यानंतर चाचणीपर्यंत जवळजवळ महिनाभर ती रोज ती पिशवी घेऊन यायची, रेषेबाहेर ठेवायची, आणि सराव संपला की उचलून घरी न्यायची. परत विचारलं नाही. मला ती पिशवी रोज दिसायची. मला कळत नव्हतं असं नाही. तिला मॅटवर नेलं असतं तर पहिल्या पाच मिनिटांत तिचा पाय अडकला असता, आणि तिने विचारलं असतं, सर, तुमच्या वेळी कसं झालं? मग मी काय सांगणार होतो?

बायकोने चाचणीच्या आदल्या दिवशी मला जेवायला वाढताना विचारलं, "पोरीला सांगितलं का तुमी?"

"काय सांगायचं?"

"तेच. बुटात पाय फिरत नाय ते."

"तिचा फिरेल. ती माझ्यासारखी नाही."

"अवो, गुडघा तर मानसाचाच हाय ना तिला?"

मी तिच्यावर खेकसलो. तू तुझी चूल बघ, खेळातलं तुला काय कळतं, वगैरे. अर्ध्या ताटावरून उठलो. तिने ताट उचललं आणि एवढंच म्हणाली, "तुमची गोष्ट मोठी, का पोरगी मोठी?"  रागाने गेलो आणि कारखान्याच्या पोरांबरोबर नाक्यावर बसलो. तिथेही कोणीतरी तीच गोष्ट काढली, भाच्याची. मी ऐकून घेतली.

दुसऱ्या दिवशी ठाण्याला तिने नवे बूट घातले. कोरे करकरीत, लेस नीट बांधता येईनात, दुसऱ्या एका मुलीने बांधून दिल्या. मॅटवर पाऊल टाकायच्या आधी ती खाली वाकली, आणि मग तिच्या लक्षात आलं की कपाळाला लावायला माती नाही. तिने नुसताच हात कपाळाला लावला. दोन-तीन मुली हसल्या.

पण खेळली झकास. गिरकी न मारता. पहिल्या चढाईला बोनस, दुसऱ्या चढाईला एकीला हात लावून सरळ मागे. निवड करणाऱ्या बाईंनी कागदावर काहीतरी लिहिलं. तिसऱ्या चढाईलाही गुण. मी खुर्चीवरून अर्धा उठलो होतो. मी देवाला म्हणत होतो, असंच राहू दे, असंच राहू दे. ती नको मारूस बाई, असंच खेळ.

चौथ्या चढाईला तिच्यामागे कोपऱ्यातली मुलगी वाकली. पोरीने एक क्षण माझ्याकडे बघितलं. नेहमी बघायची तसंच, विचारल्यासारखं. आणि माझं तोंड उघडलं. वीस वर्षांची सवय म्हणा, काही म्हणा. मी ओरडलो, "फिर!"

ती फिरली. पाऊल तिथेच राहिलं. गुडघ्याचा आवाज मला खुर्चीपर्यंत ऐकू आला, की मी तो नंतर मनाने जोडला, मला माहीत नाही. ती ओरडली मात्र नाही. खाली बसली आणि दोन्ही हातांनी गुडघा धरून माझ्याकडेच बघत राहिली, आपलं काय चुकलं ते विचारल्यासारखी.

गुडघ्यातला दोर तुटला होता. डॉक्टर म्हणाले, ऑपरेशन करून चालेल, फिरेल, संसार करेल, खेळ विसरा. गावी आणलं तेव्हा ओट्यावर बाया जमल्या. तिची आई मला बघून रडायला लागली, आणि रडता रडता म्हणाली, "दादा, तुमच्यावानीच झालं वो. तिथं बी वशिलाच असनार. गरिबाच्या पोरीला मुद्दाम पाडलं असनार." बायांनी चुकचुकाट केला. अगदी टपरीवर करतात तसाच. माझी बायको तिथे होती. ती माझ्याकडे बघत होती, आता तरी बोला, अशी. मी मूग गिळून बसलो.

पोर खाटेवर होती, पायाला पट्टा. म्हणाली, "आई, कुनी नाय पाडलं. माझा पाय फिरला नाय." मग बाया पांगल्यावर, आई चहा करायला आत गेल्यावर, तिने मला हळूच विचारलं, "सर, तुमी गेला व्हता तवा पन मॅटच व्हती ना?"

"हो."

"तुमचा फिरला व्हता?"

मी तिच्यापासून हातभर अंतरावर बसलो होतो. आतून भांड्याचा आवाज येत होता. दुसरं कोणी नव्हतं. यापेक्षा सोपी जागा मला खरं बोलायला आयुष्यात मिळाली नसती.

"फिरला होता," मी म्हटलं.

तिने मान हलवली. तिला जणू उत्तर मिळालं. म्हणाली, "मंग माझंच चुकलं."

किन्हवलीचं स्थळ हो म्हणता म्हणता थांबलं, पोरगी लंगडते म्हणून. आईने माझ्याकडे त्याबद्दल कधी शब्द काढला नाही, उलट संक्रांतीला तिळगूळ घेऊन आली. आता ती पोर आटगावच्या बाजूला एका शाळेत मुलींना कबड्डी शिकवते. शाळेने मॅट घेतली आहे. मीच कोणाकोणाला सांगून तिला तिथे लावली, हेही माझं चार ठिकाणी सांगून झालंय. सर किती करतात, असं लोक म्हणतात.

गेल्या महिन्यात पाळी सुटल्यावर तिकडे गेलो. पंधरा-वीस मुली, सगळ्यांच्या पायांत बूट. ती कडेला उभी राहून सांगत होती, "हात लावायचा आन् सरळ मागं. कोपऱ्याला पाठ नाय दाखवायची. गिरकी तर नायच नाय." एका चुणचुणीत मुलीने विचारलं, "ताई, माझे पप्पा सांगतात, तुमचे सर गिरकी मारायचे. मग आमी का नाय?"

"सरांची टाच मॅटवर बी फिरायची," ती म्हणाली. "तशी टाच एखाद्यालाच असते. मला वाटलं मला बी जमंल, म्हनून पाय गेला. माझी चूक व्हती, ती तुमी करायची नाय."

मी दारात उभा होतो. तिचं लक्ष गेलं. चेहरा असा उजळला की मला पळून जावंसं वाटलं. तिने खुर्ची आणली, स्वतःच्या ओढणीने पुसली. मी सवयीने चपला बाहेर काढल्या, आणि त्या हॉलात एकटा अनवाणी माणूस मीच.

"हेच माझे सर," ती मुलींना म्हणाली. "पाया पडा."

एकेक मुलगी आली, वाकली, मी डोक्यावर हात ठेवला. वीस मुली, वीस वेळा. प्रत्येक वेळी वाटलं, आता बोलतो. त्या चुणचुणीत मुलीने वाकून वर बघितलं तेव्हा तर शब्द अगदी ओठावर आला होता. मी तिला म्हणालो, "शाब्बास, नीट शिक."

शेवटी ती स्वतः आली. मी म्हटलं, "राहू दे गो, तू नको." तिचा गुडघा अजून पूर्ण वाकत नाही. तिने एका हाताने माझ्या खुर्चीचा दांडा धरला, तो पाय मागे ताठ ठेवला, आणि तशीच वाकली. मी आशीर्वाद दिला.